आडोशाचे वाङ्मय

मराठी लेखिकांविषयी आपली समीक्षा बोलू लागली की एक विशेषण हमखास तिच्या ओठांवर येते. ते विशेषण म्हणजे ‘सहज’. ओवी सहज स्फुरली, आठवणी सहज उतरल्या, भाषा घरगुती आणि म्हणूनच सहज, असा हा स्तुतिपाठ असतो. त्याच्या मागोमाग, किंचित खालच्या स्वरात, दुसरे एक वाक्य येते. स्त्रियांच्या लेखनाचा आवाका लहान आहे. माहेर, सासर आणि मन या तिन्हींच्या बाहेर ते फारसे जात नाही. स्तुती आणि तक्रार यांची अशी जोडी इतकी वर्षे एकत्र नांदत आली आहे की, ती एकाच गैरसमजाची दोन अपत्ये आहेत हे आपल्या ध्यानात येत नाही. परिस्थितीने जे लादले ते आपण स्वभावाच्या खाती जमा केले, आणि मग त्या स्वभावाचे कधी कौतुक केले, कधी त्याला नावे ठेवली.

लेखिकांच्या वाटेतील सामाजिक व आर्थिक अडथळ्यांची आपल्याला माहिती नाही, असे मुळीच नाही. बालविवाह, शिक्षणाची बंदी, बाळंतपणे, वैधव्य, हाती स्वतःचा पैसा नसणे, या सर्वांचा उल्लेख प्रस्तावनांतून नियमाने होतो. परंतु तो प्रस्तावनेतच होतो आणि तेथेच संपतो. ‘अशा प्रतिकूल परिस्थितीतही’ या शब्दांनी परिस्थितीला नमस्कार करून समीक्षक पुस्तकात शिरतो, आणि आत गेल्यावर तिला विसरतो. माझे म्हणणे असे की, अडथळे पुस्तकाच्या उंबरठ्यावर थांबत नाहीत. ते आत येतात, घाटात मुरतात, आणि कोठे मुरले ते बोट ठेवून दाखवता येते. निदान मराठी गद्यात तरी ते एका लहानशा शब्दापाशी दाखवता येते. तो शब्द म्हणजे ‘मी’.

या विषयावर बोलताना व्हर्जिनिया वुल्फ यांच्या 1929 सालच्या प्रसिद्ध निबंधाची आठवण होणे अपरिहार्य आहे. ललितलेखन करू इच्छिणाऱ्या स्त्रीला स्वतःची खोली हवी आणि वर्षाकाठी पाचशे पौंडांचे उत्पन्न हवे, हा त्यांचा सिद्धांत आता सुशिक्षितांच्या बोलण्यात म्हणीसारखा रुळला आहे. मात्र त्या निबंधातील एक तपशील आपल्याकडे क्वचितच कोणाच्या लक्षात राहतो. निबंधातील निवेदिकेला हे पाचशे पौंड मिळतात ते एका आत्याच्या मृत्युपत्राने. आणि ही आत्या मरण पावते ती मुंबईत, हवा खाण्यासाठी घोड्यावरून फिरत असता पडून. पात्र काल्पनिक आहे, पण योजना अर्थपूर्ण आहे. लंडनमधील लेखिकेच्या खोलीचे भाडे मुंबईहून आले. त्याच मुंबईतील मराठी स्त्रीला मात्र आत्याकडून काय, बापाकडूनही वारसा मिळण्याची सोय नव्हती. मुलीला वडिलांच्या मिळकतीत वारसाहक्क देणारा हिंदू उत्तराधिकार कायदा 1956 साली झाला. एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत मुलाच्या बरोबरीने जन्मसिद्ध हिस्सा तिला महाराष्ट्रात 1994 साली आणि साऱ्या देशात 2005 साली मिळाला. तोवर तिचे म्हणून जे होते ते स्त्रीधन, म्हणजे बहुधा अंगावरचे दागिने. आणि दागिने मोडून कोणी वही-दौत घेत नसते.

तेव्हा आपल्याकडची लेखिका खोलीची वाट पाहत बसली असती, तर तिचे वाङ्मय निर्माणच झाले नसते. तिने खोलीऐवजी आडोसा शोधला. या आडोशाचा इतिहास हाच तिच्या वाङ्मयाचा इतिहास आहे, असे म्हटल्यास फारसे वावगे ठरणार नाही.

पहिला आडोसा जात्याचा. पहाटेच्या अंधारात, घरातील पुरुष निजलेले असताना, जात्याच्या घरघरीखाली जे गायिले गेले त्याला ना कागद लागला, ना दिवा, ना कोणाची परवानगी. हात दळणात गुंतलेले असल्यामुळे तो वेळ घराच्या हिशेबात वाया गेलेला धरला जात नव्हता; कामाच्या पोटात दडवलेला तो एकच वेळ तिचा होता. साने गुरुजींनी ‘स्त्रीजीवन’मध्ये अशा ओव्यांचा संग्रह केला, पुढे हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी गावोगाव हिंडून, जात्यापाशी बसून, लाखाहून अधिक ओव्या मिळवल्या. हा आकडा पाहिला की ‘सहज स्फुरण’ या कल्पनेची तपासणी करावीशी वाटते. इतक्या विपुल रचनेमागे काही घट्ट शिस्त असली पाहिजे. आणि ती आहे. छंद जात्याच्या फेऱ्याला बांधलेला आहे, रचना दोन-अडीच ओळींत आटोपते, कारण तेवढ्यात घास घालायची वेळ येते. ओवीचा आखूडपणा हा स्त्रीमनाच्या आटोपशीरपणाचा पुरावा मानण्याआधी घासांचे अंतर मोजलेले बरे. आणि मुख्य म्हणजे ओवीला नाव नाही. तिच्यात ‘मी’ आहे, परंतु तो कोणाही दळणारणीने आपला म्हणावा असा सार्वजनिक ‘मी’ आहे. संतमालिकेतील जनाबाईला नाव मिळाले तेही नामदेवाची दासी म्हणून. तिची सही दुसऱ्याच्या नावाच्या आधाराने उभी आहे.

बहिणाबाई चौधरी यांचे उदाहरण याच आडोशाच्या कडेवरचे आहे. त्यांना अक्षरओळख नव्हती. घर आणि शेत यांच्या कामात त्या जे रचून गात ते सोपानदेवांनी आणि नात्यातील एकाने टिपून ठेवले म्हणून उरले, आणि 1951 साली त्यांचे निधन झाल्यावर, 1952 साली, आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह ते पुस्तकरूपाने आले. या गोष्टीतील आश्चर्य आपण नेहमी बहिणाबाईंच्या निरक्षरतेत शोधतो. मला ते दुसरीकडे दिसते. घरात लिहिणारा, स्वतः कवी असलेला मुलगा होता, म्हणून एक बहिणाबाई आपल्याला सापडली. ज्या घरांत असा मुलगा नव्हता, त्या घरांतील रचना कोठे गेल्या हा प्रश्न विचारला की आनंदाला ओहोटी लागते.

दुसरा आडोसा पतीच्या नावाचा. रमाबाई रानडे यांचे ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ हे पुस्तक 1910 साली प्रसिद्ध झाले. मराठीतील आत्मपर गद्याचा विचार या पुस्तकाला वगळून होऊ शकत नाही. त्याचे शीर्षकच नीट वाचण्यासारखे आहे. ‘माझ्या’ नव्हे, ‘आमच्या’. हा विनय आहे, पतिनिष्ठा आहे, असे आपण म्हणतो आणि ते खोटे नाही. परंतु या अनेकवचनाने पुस्तकाचा घाट कसा ठरवला ते पाहावे. पुस्तक न्यायमूर्तींच्या निधनापाशी, म्हणजे 1901 सालापाशी, संपते. रमाबाई त्यानंतर 1924 पर्यंत जगल्या. पुण्याच्या सेवासदनाची उभारणी आणि कारभार, सार्वजनिक कार्यातील त्यांचे स्वतंत्र कर्तृत्व, हे सारे या पुस्तकाच्या शेवटच्या पानाच्या पलीकडे पडले. ज्या वर्षांत त्यांच्या आयुष्याला ‘माझे’ म्हणता आले असते, त्या वर्षांवर त्यांनी पुस्तक लिहिले नाही.

पुस्तकाच्या आतही या अनेकवचनाचा ताण जाणवतो. अकराव्या वर्षी लग्न, वराचे वय तिशीच्या पुढचे, आणि लग्नानंतर लगेच पतीकडून अक्षरओळख, अशा क्रमाने हे शिक्षण सुरू झाले. पतीची आज्ञा शिकण्याची आणि घरातील वडीलधाऱ्या बायकांची सक्ती न शिकण्याची. मधल्या मध्ये सापडलेल्या मुलीने दोन्हींकडचे ऐकायचे. टोमणे, अबोला, कामाचा वाढता भार हे सारे रमाबाई सांगतात. पण सांगताना कोणाला दोष लागणार नाही याची काळजी त्या प्रत्येक वाक्यात घेतात. रागाच्या जागी संयम येतो, तक्रारीच्या जागी स्वतःच्या चुकीची कबुली येते. ही शैली शांत आणि सुंदर आहे याविषयी दुमत नाही. पण ती सहज नाही. इतक्या सावधपणे चालणाऱ्या पावलाला सहज म्हणणे म्हणजे त्या पावलाखालच्या वाटेकडे पाहायचे नाही असे ठरवणे होय. आणि समीक्षकाने हेही निर्भीडपणे म्हटले पाहिजे की, या सावधपणामुळे पुस्तकाचे काही ठिकाणी नुकसान झाले आहे. घरातील त्या बायकांच्या बाजूने जग कसे दिसत होते, त्या इतक्या का दुखावल्या होत्या, हे सांगण्याचे सामर्थ्य रमाबाईंच्या लेखणीत होते. तेवढे मोकळेपण तिला नव्हते.

लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रां’शी आपण याच दृष्टीने बोलले पाहिजे. 1934 पासून भागाभागाने प्रसिद्ध झालेले हे पुस्तक मराठीतील पहिल्या प्रतीच्या गद्यग्रंथांत गणले जाते आणि ते सर्वथा योग्य आहे. पण तेही जन्माला आले ते आडोशानेच. रेव्हरंड टिळकांच्या चरित्राची सामग्री जमवताना चिरंजीव देवदत्तांनी आईला आठवणी लिहायला लावले. पतीच्या चरित्रासाठी म्हणून लेखणी हाती आली. आणि मग त्या लेखणीने हळूच मालक बदलला. टिळक पुस्तकभर आहेत, परंतु पुस्तक टिळकांचे उरलेले नाही. 1895 साली टिळकांनी धर्मांतर केल्यावरची ताटातूट, पदरी मूल, नातलगांच्या आधाराने काढलेले दिवस, आणि पुढे पुन्हा एकत्र आल्यावर मिळालेले पैसे दानात उडवणाऱ्या पतीच्या संसाराची ओढाताण, हे सारे ज्या खट्याळ समबुद्धीने त्या सांगतात, तिने वाचक थक्क होतो.

ही समबुद्धी कोठून आली? ‘भोळ्या, अशिक्षित बाईचे निर्मळ मन’ हे उत्तर मला पटत नाही. स्मृतिचित्रांतील प्रसंग एकेक सुटा घेऊन पाहावा. प्रत्येकाला सुरुवात आहे, बेताने लांबवलेली उत्कंठा आहे, आणि शेवटी अचूक जागी बसणारा टोला आहे. असा प्रसंग पहिल्यांदा सांगताना असा उतरत नाही. या गोष्टी चाळीस वर्षे स्वयंपाकघरात, माजघरात, लेकरांना आणि पाहुण्यांना पुन्हा पुन्हा सांगून घासल्या गेल्या असाव्यात, असे पुस्तकाची ठेवणच सांगते. लेखक ज्याला पहिला, दुसरा, तिसरा खर्डा म्हणतो, ते खर्डे लक्ष्मीबाईंनी तोंडी केले; कारण कागदावर खर्डे करण्याइतका वेळ, पैसा आणि लिहिण्याचा सराव यांतले काहीच हाताशी नव्हते. आणि ज्यांना अजूनही त्या केवळ ओघाने लिहीत होत्या असे वाटते, त्यांनी ‘ख्रिस्तायन’ आठवावे. टिळकांच्या पश्चात अपुरे राहिलेले ते ओवीबद्ध महाकाव्य लक्ष्मीबाईंनी पुढे नेले, आणि त्यातील बहुतांश अध्याय त्यांच्या हातचे आहेत. अध्यायामागून अध्याय छंदात रचणारी स्त्री रचनेविषयी अजाण होती, हे म्हणणे कोणत्या तर्कात बसते? पण ख्रिस्तायनाकडे आपले लक्ष जात नाही, कारण ‘सहज’ या विशेषणात ते मावत नाही.

तिसरा आडोसा टोपणनावाचा. 1933 साली ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह ‘विभावरी शिरूरकर’ या नावाने आला, पुढच्याच वर्षी ‘हिंदोळ्यावर’ ही कादंबरी आली, आणि महाराष्ट्रात मोठे वादळ उठले. ही विभावरी कोण, यावर तर्कांचा बाजार भरला. त्या म्हणजे मालतीबाई बेडेकर, तेव्हाच्या बाळूताई खरे. स्त्रीशिक्षणाच्या क्षेत्रात नोकरी करणाऱ्या एक शिक्षिका. येथे आर्थिक बाजू नीट पाहिली पाहिजे. रमाबाईंच्या पिढीला पैसा मिळवण्याची वाट नव्हती. या पिढीला ती मिळाली. पण मिळालेला पैसा तिच्या हाती राहिलाच असे नाही. शिकलेल्या, कमावत्या मुलीच्या पगारावर घर उभे राहते, आणि त्या पगाराच्या सोयीपायी तिच्या लग्नाचा विषय घरात लांबणीवर पडतो, हे दुःख मराठी कथेत प्रथम अशा धीटपणे विभावरीबाईंनी मांडले. आणि ते मांडायला खरे नाव वापरता आले नाही, कारण ज्या नोकरीने अनुभव दिला तीच नोकरी नावाबरोबर धोक्यात आली असती. स्वातंत्र्य देणारा पगारच तोंड बांधणारा ठरावा, हा त्या काळच्या सुशिक्षित स्त्रीच्या जीवनातील खरा पेच होता. या कथांवर कोणी एकसुरीपणाचा आक्षेप घेतला, तर त्यात तथ्यांश आहे असे मी मान्य करीन. काही कथांत पात्राच्या तोंडून लेखिकाच बोलते. परंतु ज्यांना दुसरीकडे कोठेच बोलता येत नाही, ते पात्राच्या तोंडून बोलणारच. पुढे सोलापूरच्या तथाकथित गुन्हेगार जमातींच्या वसाहतीत केलेल्या नोकरीतून त्यांना जो अनुभव मिळाला, त्यातून 1950 साली ‘बळी’ ही कादंबरी आली, आणि तिचे जग घराच्या चौकटीबाहेर किती दूरवर पसरले ते सर्वांनी पाहिले. आवाका वाढला तो नोकरीने वावर वाढवला तेव्हा.

चौथे उदाहरण आपल्याला अर्धशतक पुढे आणि समाजाच्या अगदी दुसऱ्या टोकाला नेते. बेबी कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ प्रथम ‘स्त्री’ मासिकातून क्रमशः आणि 1986 साली पुस्तकरूपाने आले. बेबीताईंचे फलटणला लहानसे किराणा दुकान होते. पुड्या बांधण्यासाठी आलेली रद्दी त्या वाचत, आणि गिऱ्हाईक नसेल तेव्हा दुकानात बसून लिहीत. लिहिलेले कागद पतीच्या आणि मुलाच्या नजरेस पडू नयेत म्हणून जुन्या कागदांखाली, कोपऱ्यात दडवून ठेवीत. जवळजवळ वीस वर्षे ते हस्तलिखित असे दडून राहिले. फलटणला राहून संशोधन करणाऱ्या मॅक्सीन बर्नसन यांच्या दृष्टीस पडले म्हणून बाहेर आले. हे सारे बेबीताईंनी नंतरच्या मुलाखतीत सांगितले आहे. येथे आडोसा या शब्दाला उपमेची गरजच उरत नाही.

आता या पुस्तकाचे शीर्षक रमाबाईंच्या शीर्षकाशेजारी ठेवावे. ‘आमच्या आयुष्यातील’, आणि ‘जिणं आमुचं’. एक न्यायमूर्तींच्या वाड्यातील पुस्तक, दुसरे महारवाड्यातील. मध्ये 76 वर्षांचे अंतर, जातीचे अंतर त्याहून कितीतरी मोठे. आणि सर्वनाम तेच. रमाबाईंचे ‘आम्ही’ म्हणजे पती आणि आपण. बेबीताईंचे ‘आम्ही’ म्हणजे सारी वस्ती, सारा समाज. बेबीताईंच्या अनेकवचनात जे सामर्थ्य आहे ते मला कमी लेखायचे नाही. दारिद्र्य, अंधश्रद्धा, सुनांचे हाल आणि आंबेडकरी चळवळीने आलेली जाग यांचा सामुदायिक इतिहास त्या एका शब्दाने उभा केला, आणि एकट्या ‘मी’ला तो पेलला नसता. तथापि त्याच शब्दाआड त्यांचा स्वतःचा संसार, स्वतःला सोसावा लागलेला मार, हेही झाकले गेले. समाजाच्या दुःखापुढे स्वतःचे दुःख मांडणे त्यांना उचित वाटले नाही. म्हणजे रमाबाईंना पतीच्या मोठेपणाने आणि बेबीताईंना समाजाच्या दुःखाने ‘मी’ म्हणण्यापासून थांबवले. दोघींनीही थांबण्याचे समर्थन मनापासून केले. अडथळा जेव्हा कर्तव्याच्या रूपात येतो तेव्हा तो सर्वांत बळकट असतो.

येथे एक आक्षेप उपस्थित होईल, आणि तो वजनदार आहे. समीक्षेने कृतीचे मोल करावे, कर्त्याच्या हालअपेष्टांचे करू नये. अन्यथा प्रत्येक दुबळे पुस्तक आपल्या लेखिकेच्या दुःखाचा दाखला घेऊन दारात उभे राहील. हे मला मान्य आहे. कष्टांबद्दल गुण देण्याची प्रथा समीक्षेने पाडू नये. ती दया आहे, आणि दयेने कोणाचेही वाङ्मय मोठे होत नाही. पण घाटात मुरलेली परिस्थिती वाचणे हा कृतीच्याच वाचनाचा भाग आहे. ओवी दोन-अडीच ओळींत का संपते, आठवणी 1901 सालीच का थांबतात, शीर्षकात अनेकवचन का आहे, हे प्रश्न चरित्राचे नसून घाटाचे आहेत. त्यांची उत्तरे न शोधता दिलेला निर्णय हा अर्ध्या पुराव्यावर दिलेला निर्णय होय. आणि असा निकाल अपिलात टिकत नाही, हे या नियतकालिकाच्या वाचकांना मी सांगायला नको.

आवाक्याच्या तक्रारीची शहानिशा करण्याचाही एक सरळ मार्ग आहे. ज्या लेखिकांना साधने मिळाली त्यांचा आवाका पाहावा. इरावती कर्वे यांना पुण्याच्या डेक्कन कॉलेजमध्ये अध्यापनाची आणि संशोधनाची जागा होती, प्रवास होता, विद्वानांचा सहवास होता. त्यांच्या लेखणीतून 1967 साली ‘युगान्त’ आले, ज्यात महाभारतातील स्त्रीपुरुषांची झडती कोणत्याही संकोचाशिवाय घेतली आहे. दुर्गा भागवत अविवाहित राहिल्या, मुंबईच्या एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयाला त्यांनी जणू घर केले. त्यांचे ‘ऋतुचक्र’ 1956 साली आणि ‘व्यासपर्व’ 1962 साली आले. निसर्ग, लोकसाहित्य, महाकाव्य, समाजशास्त्र यांतले काही त्यांना परके राहिले नाही. त्यांच्या निबंधातला ‘मी’ कोणाची परवानगी मागत नाही. इंदिरा संत यांना तर तरुणपणीच, 1946 साली, वैधव्य आले. मुलांचा सांभाळ आणि बेळगावातील शिक्षिकेची नोकरी यांच्या बरोबरीने त्यांनी ‘शेला’पासून ‘रंगबावरी’पर्यंतची कविता लिहिली. त्या कवितेच्या लहान आकारावरून ती फावल्या वेळची ठरवणाऱ्याने, दहा ओळींची कविता दहा मिनिटांत होत नाही एवढे ध्यानी ठेवावे. या तिघींची प्रतिभा भिन्न आहे, सामाजिक स्थान बरेचसे सारखे आहे, आणि एक गोष्ट तर अगदी समान आहे: महिन्याचा पगार, ग्रंथालयाचे दार, किंवा निदान स्वतःच्या वेळेवर स्वतःचा हक्क, यांपैकी काहीतरी प्रत्येकीला होते. आवाका स्वभावातून येत असता तर तो असा साधनांबरोबर वाढला नसता.

शेवटी, हा लेख ज्या वाचकांपुढे जाणार आहे, त्यांच्या जीवनाशी या विषयाचा एक नाजूक धागा जुळतो, तो सांगितल्याविना राहवत नाही. न्यायमूर्ती रानडे सरकारी नोकर होते आणि त्यांच्या बदल्या होत. रमाबाईंच्या आठवणींतील एक मोकळा श्वास नाशिकचा आहे. पुण्याच्या एकत्र कुटुंबातून तेथे बदली झाली, घर दोघांचे राहिले, हिशेब हाती आला, आणि अभ्यासाला कोणाचा टोमणा उरला नाही. काशीबाई कानिटकर यांचे पतीही न्यायखात्यात होते. मराठीतील या आरंभीच्या कादंबरीकर्तीच्या आयुष्यातही बदलीची गावे आहेत. बदलीचे घर हे अशा रीतीने मराठी लेखिकेचे पहिले स्वतःचे घर ठरले. पण त्याच बदलीने तिच्यापासून प्रकाशक, वाचनालय, मैत्रिणी आणि आपल्या भाषेचा रस्ता हिरावला. काशीबाईंचे आत्मचरित्र पाहा. 1948 साली त्यांचे निधन झाले आणि ते छापून येण्यास त्यानंतर तीन दशके लागली. निवांतपणा मिळाला, वाचक मिळाला नाही.

आणखी एक योगायोग येथे नोंदवावासा वाटतो. 1878 साली सुरू झालेल्या मराठी साहित्य संमेलनाला पहिली स्त्री अध्यक्ष मिळाली ती 83 वर्षांनी, 1961 साली, आणि तीही महाराष्ट्राबाहेर: ग्वाल्हेरला, कुसुमावती देशपांडे. 2025 साली दिल्लीला झालेल्या 98 व्या संमेलनापर्यंत एकंदर सहा स्त्रिया या पदावर आल्या. दुर्गा भागवत कराडला, शांता शेळके आळंदीला, अरुणा ढेरे यवतमाळला; आणि कुसुमावतीबाई ग्वाल्हेरला, विजया राजाध्यक्ष इंदूरला, तारा भवाळकर दिल्लीला. सहांपैकी तीन महाराष्ट्राच्या सीमेबाहेर. बृहन्महाराष्ट्रात मने अधिक उदार असतात, असा निष्कर्ष यावरून काढण्याचा मोह होतो. पण एवढ्याशा आकड्यांवर तो उभा राहणार नाही, आणि सहा ही संख्या मिरवण्यासारखी तर नाहीच.

तरीही या योगायोगाने आपल्यावर थोडी जबाबदारी टाकली आहे असे मी मानतो. आज बदलीच्या गावी जाणारा अधिकारी हा पुरुषच असेल असे नाही. अनेकदा तीच अधिकारी असते आणि संसार तिच्यामागे जातो. पगार तिचा आहे, खोलीही तिची असू शकते. परंतु संध्याकाळचा तो एक तास अजूनही कोणाचा, हा प्रश्न पुष्कळ घरांत विचारलाच गेलेला नसतो. आपल्या घरात, शेजारच्या सरकारी निवासात, महाराष्ट्र मंडळाच्या हळदीकुंकवात, कोणाच्या तरी कपाटात साड्यांच्या घडीखाली एखादी वही असते. ती वही पाहण्याचे भाग्य लाभले, तर ‘किती सहज लिहिले आहे’ असे म्हणू नये. कोणत्या वेळी लिहिले, कोणाची नजर चुकवून लिहिले, आणि कोठे लेखणी थांबली, हे आधी विचारावे; मग त्याच कठोरपणे, ज्या कठोरपणे आपण कोणत्याही लेखकाचे पुस्तक वाचतो, तिचे पान वाचावे. ती वही ज्या दिवशी कपाटातून मेजावर येईल, त्या दिवशी आडोशाचे वाङ्मय संपेल. आणि त्यानंतर मराठी स्त्रीचा आवाका किती, हे सांगण्याचा अधिकार समीक्षेला प्रथमच प्राप्त होईल.